फुंकणी आणि सुई

पुतळ्यांच्या माळेतली एखादी जुनी पुतळी भिंगाखाली धरली तर तिच्यावर माणसांच्या आकृत्या दिसतात. झिजलेल्या, ओबडधोबड, पण माणसांच्याच. ही पुतळी मूळची आपली नव्हे. व्हेनिसच्या प्रजासत्ताकाने १२८४ साली ड्युकॅट नावाचं सोन्याचं नाणं पाडायला सुरुवात केली. वजन साडेतीन ग्रॅम. एका बाजूला संत मार्कपुढे गुडघे टेकलेला तिथला राज्यप्रमुख, म्हणजे डोज, आणि दुसऱ्या बाजूला उभा ख्रिस्त. पुढची पाचशे वर्षं त्या नाण्याचं चित्र जवळजवळ तेच राहिलं. मिरी-मसाल्याच्या मोबदल्यात ते आपल्या पश्चिम किनाऱ्यावर येत राहिलं, आकृत्यांमुळे लोक त्याला पुतळी म्हणू लागले, आणि मग आपल्याच सोनारांनी तशा पुतळ्या घडवून बायकांच्या गळ्यात घातल्या.

त्या टांकसाळीची सोळाव्या शतकातली इमारत सान मार्को चौकाच्या कडेला पाण्याकडे तोंड करून अजून उभी आहे. आत आता ग्रंथालय आहे. तिथून हाकेच्या अंतरावरच्या धक्क्यांवरून बेटांच्या सहलीच्या बोटी सुटतात. चार-पाच तासांत तीन बेटं: काचेचं मुरानो, ओसाड तोर्चेल्लो आणि लेसचं बुरानो. गाइड एकच वाक्य चार भाषांत सांगतो आणि चौथी भाषा संपेपर्यंत ते दृश्य मागे पडलेलं असतं. मुरानोला चाळीस मिनिटं, तोर्चेल्लोला तेवढीच, बुरानोला तासभर. या वेळापत्रकाबद्दल मी कुरकुरणार आहे, पण ते सावकाशीने.

आधी पाणी. व्हेनिस ज्यात उभं आहे त्याला आपल्या भूगोलाच्या पुस्तकात खारकच्छ म्हणत. समुद्र आणि जमीन यांच्यामधलं, वाळूच्या लांबट पट्ट्यांनी अडवलेलं उथळ खारं पाणी. विस्तार सुमारे साडेपाचशे चौरस किलोमीटर आणि सरासरी खोली जेमतेम दीड मीटर. बोटीतून बघताना हे पटत नाही, क्षितिजापर्यंत पाणीच पाणी. पण बोट सरळ जात नाही, वळणं घेत जाते. कारण दोन्ही बाजूंना दोन-तीन ओंडके एकत्र बांधून रोवलेले खांब आहेत आणि त्या खांबांच्या मधल्या पट्ट्यातच बोट तरंगेल एवढी खोली आहे. पट्टा सोडला की चिखल. लढाईच्या वेळी व्हेनिसवाले हे खांब उपटून टाकत आणि शत्रूची गलबतं आपोआप रुतत, असं सांगतात. या पाण्याला तटबंदीची गरज नव्हती. अशा पाण्यातल्या बेटावर एखादी गोष्ट ठेवली की ती तिथे राहते, हे इथल्या राज्यकर्त्यांना फार लवकर कळलं होतं.

वाटेत विटांच्या भिंतीआड सुरूसारखी उंच झाडं दिसतात. ते सान मिकेले, शहराचं कबरस्तान. संगीतकार स्ट्राविन्स्की तिथे आहे. बोट थांबत नाही.

मुरानो व्हेनिसपासून दीड किलोमीटरवर आहे. पुलांनी जोडलेली सात लहान बेटं म्हणजे मुरानो. १२९१ साली व्हेनिसच्या सरकारने हुकूम काढला की शहरातल्या काचेच्या भट्ट्या मोडा आणि मुरानोला न्या. कारण उघड होतं: शहरातली बरीच घरं लाकडाची आणि भट्टी रात्रंदिवस पेटलेली. पण आगीचं कारण खरं असलं तरी फायदा दुसराच झाला. सगळे काचकारागीर एका बेटावर, म्हणजे सगळे एका नजरेखाली आले. त्यांना प्रजासत्ताक सोडून जायला बंदी झाली. जो पळेल त्याच्या घरच्यांना तुरुंगात टाकण्याची धमकी होती, मागावर मारेकरी पाठवल्याच्या गोष्टीही आहेत. आणि जो राहील त्याचे लाडही होते. काचकारागिराच्या मुलीने सरदार घराण्यात लग्न केलं तर तिच्या मुलांचं सरदारपण जात नसे. त्या काळच्या व्हेनिसमध्ये ही सवलत लहान नव्हती. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला तर मुरानोच्या घराण्यांची स्वतंत्र सोनेरी वही निघाली, जणू त्यांचा वेगळा सरदारवर्गच.

असं जपण्यासारखं त्या काचेत काय होतं, ते समजायला रसायनात थोडं उतरावं लागतं. काच म्हणजे वितळलेली वाळू. पण शुद्ध वाळू वितळायला सतराशे अंशांच्या वर तापमान लागतं आणि लाकडाच्या भट्टीला ते झेपत नाही. तिच्यात खार मिसळला की ती बऱ्याच कमी उष्णतेत पाघळते. मुरानोवाले हा खार सिरियाकडून आणत, तिथल्या खाऱ्या जमिनीत वाढणाऱ्या झुडपांची राख. आपला साजीखार, ज्यावर पापड फुलतात, त्याच जातीचा. वाळूऐवजी ते तिचिनो नदीतल्या पांढऱ्या गारगोट्या दळून वापरत, कारण साध्या वाळूत लोखंड असतं आणि लोखंडामुळे काच हिरवट होते. तरी थोडी हिरवी झाक राहतेच. पंधराव्या शतकाच्या मध्यावर अंजेलो बारोव्हिएर याने राख पाण्यात विरघळवून, उकळून, गाळून, पुन्हा वाळवून शुद्ध खार मिळवला, आणि हिरवेपणा मारायला मँगनीजची चिमूट घातली. जांभळट रंग हिरव्याला खातो, पांढऱ्या कपड्यांना नीळ घालावी तसं. निघाली ती पाण्यासारखी नितळ काच, नाव क्रिस्ताल्लो. युरोपात तोवर अशी काच कुणी केली नव्हती.

या खारामुळे आणखी एक गोष्ट साधते: काच जास्त वेळ मऊ राहते. मुरानोच्या सगळ्या नखऱ्याचं मूळ इथे आहे. काच लवकर आवळणारी असती तर ते पाकळ्या, शेपट्या, वेलबुट्ट्या ओढत बसलेच नसते.

सहलीतला कार्यक्रम असा. बोट थेट एखाद्या कारखान्याच्या धक्क्याला लागते. आत लाकडी पायऱ्यांवर बसवतात, समोर भट्टीचं केशरी तोंड. मुख्य कारागीर, त्याला माएस्त्रो म्हणतात, एका बाकावर बसतो. (आपला मेस्त्री पोर्तुगीज ‘मेस्त्रे’वरून आला आणि दोन्ही शब्द लॅटिनमधल्या एकाच ‘मागिस्तेर’ची नातवंडं. कोकणातल्या सुताराला हाक मारताना आपण मुरानोच्या चुलतभावाला हाक मारत असतो.) हाताखालचा एकजण लोखंडी नळी भट्टीत फिरवून टोकाला मधासारखा गोळा उचलून आणतो. नळी म्हणजे आपल्या चुलीची फुंकणीच, फक्त दीड-एक मीटरची. माएस्त्रो ती बाकाच्या दोन दांड्यांवर आडवी टाकून सतत गरगर फिरवत राहतो, कारण थांबला की गोळा एका बाजूला लोंबलाच. फुंकतो, फुगवतो, ओल्या लाकडाच्या साच्यात घोळवतो, वाफेचा चर्र आवाज येतो. फुलदाणी झाली. मग फुंकणी ठेवून साधी सळई घेतो, नवा गोळा, चिमट्याने चार ठिकाणी चिमटून ओढतो, मान वर खेचतो, आयाळीला चार दाब. पाय झाडत उभा राहिलेला घोडा. दोन मिनिटंही लागत नाहीत. टाळ्या पडतात. घोड्याला कागद टेकवला की कागद पेट घेतो, पुन्हा टाळ्या. आणि मग पायऱ्यांशेजारचं दार उघडतं ते दुकानात.

टाळ्या मीही वाजवल्या. पण ज्याला टाळ्या मिळाल्या तो या धंद्यातला सगळ्यात झटपट भाग आहे. तो घोडा टेबलावर तसाच ठेवला तर थोड्या वेळाने आपणहून तडकतो. काचेचा बाहेरचा थर आधी निवतो आणि आवळतो, आतला अजून गरम असतो. तोही निवायला लागला की दोघांत ओढाताण होते आणि शेवटी काच फाटते. म्हणून विकायची प्रत्येक वस्तू सुमारे पाचशे अंशांच्या दुसऱ्या भट्टीत ठेवून तासन्तास, जाड असेल तर कित्येक दिवस, हळूहळू निववावी लागते. इकडे मुख्य भट्टीत कच्चा माल संध्याकाळी भरतात, तो रात्रभर चौदाशे अंशांच्या आसपास वितळत राहतो, तेव्हा कुठे सकाळी गोळा उचलण्याजोगा होतो. म्हणजे दोन मिनिटांच्या घोड्याच्या एका बाजूला एक रात्र आणि दुसऱ्या बाजूला आणखी एक रात्र. सहलीच्या चाळीस मिनिटांत रात्र बसवता येत नाही.

दुसरी एक गोष्ट दाखवायला हवी होती आणि दाखवली नाही, ती म्हणजे मुरिना. काचेत गोठलेली बारीक बारीक रंगीत फुलं आपण पाहिलेली असतात, मण्यांत, पेपरवेटमध्ये. ती रंगवलेली नसतात. रंगीत काचेचे थर एकमेकांवर चढवून मनगटाएवढा जाड दांडा करायचा, त्याच्या गाभ्यात फुलाची नक्षी आडवी रचलेली. मग तापलेल्या दांड्याचं एकेक टोक धरून दोन माणसं एकमेकांपासून लांब चालत जातात. दांडा ताणत ताणत पेन्सिलीएवढा बारीक होतो आणि आतली नक्षी त्याच प्रमाणात आकसते, पण बिघडत नाही. निवल्यावर चकत्या पाडायच्या. अळूवडीचा उंडा कापला की प्रत्येक वडीत तेच वेटोळं निघतं ना, अगदी तसं. फक्त हा उंडा आधी पंचवीस-तीस पावलं लांब ओढलेला असतो.

व्हेनिसचं हे गुपित किती टिकलं? बरंच टिकलं, पण कायमचं नाही. १६१२ साली फ्लोरेन्समध्ये आंतोनिओ नेरी नावाच्या पाद्र्याने काचेच्या कृतींचं पुस्तकच छापलं. खरा घाव मात्र फ्रान्सने घातला. चौदाव्या लुईचा मंत्री कोल्बेर याला एक गोष्ट सलत होती: फ्रान्सचे उमराव दोन वस्तूंवर वाटेल तेवढा पैसा उधळत होते, आरसे आणि लेस, आणि दोन्हींचा पैसा व्हेनिसला जात होता. १६६५ साली त्याने पॅरिसमध्ये सरकारी आरशांचा कारखाना काढला आणि मुरानोचे कारागीर पैशांच्या आमिषाने फोडून आणले. त्यांतले काही अचानक दगावले तेव्हा विषाची कुजबुज झालीच. त्याच सुमारास फ्रान्सच्या अलांसाँ गावात सरकारी आश्रयाने व्हेनिसच्या धाटणीची लेस सुरू झाली, तीही तिकडच्या बायकांना शिकवायला बोलावून. वीसेक वर्षांत व्हर्सायच्या राजवाड्यात ३५७ आरशांचं दालन उभं राहिलं. ते बघायला गेलेल्या व्हेनिसच्या वकिलाला काय वाटलं असेल, असा विचार माझ्या मनात दरवेळी येतो.

जे गुपित राखण्यासाठी माणसांना कोंडलं, तेच आज रोज सकाळपासून खेळासारखं दाखवलं जातं. चोरणारा माएस्त्रोचे हात बघत नाही, तयार वस्तूची नक्कल मारतो. बाहेरून आलेली स्वस्त काच ‘मुरानो’ म्हणून खपते, म्हणून व्हेनेतो प्रांताच्या सरकारने १९९४ साली कायद्याने ‘व्हेत्रो आर्तिस्तिको मुरानो’ ही खूण ठरवली. दुकानाच्या काचेवर आणि वस्तूवर तो शिक्का पाहावा, दुकानदाराच्या शपथेवर जाऊ नये. चौकात ‘मुरानोची फुकट बोट’ म्हणून जे हाका मारतात त्यांच्याही नादी लागू नये. त्या बोटीचं भाडं दुकानातल्या किमतीत असतं. भट्ट्यांवर अलीकडे आलेलं संकट नकलेपेक्षा मोठं आहे. त्या गॅसवर चालतात, आणि रात्री गार होऊ देऊन सकाळी पेटवण्याची सोय नाही. भट्टी निवली तर आतली मूस तडकते. २०२१ च्या अखेरीपासून गॅसचे भाव भडकले तेव्हा कित्येकांनी भट्ट्या विझवल्या.

बोटीवर परत. तोर्चेल्लो.

इथे विकायला जवळजवळ काही नाही, म्हणून सहलीतले निम्मे लोक धक्क्याजवळच्या बाकांवर बसून राहतात. व्हेनिस वसण्याआधी हे गाव होतं. हल्ल्यांना भिऊन मुख्य भूमीवरच्या अल्तिनोहून लोक इथे पळून आले. इथल्या मोठ्या चर्चच्या स्थापनेचं साल आहे ६३९. हजारो वस्तीचं व्यापारी बंदर होतं ते. मग गाळ साचला, हिवताप आला, लोक हलले, आणि त्यांच्या सोडलेल्या घरांच्या विटा-दगड व्हेनिसच्या बांधकामांना गेले. आज राहणारे मोजायला दोन हातांची बोटं पुरावीत, फार तर एखाद-दुसरं जास्त लागेल.

या ओसाड बेटावर १९६१-६२ मध्ये पोलंडच्या पुरातत्त्वज्ञांनी खणलं तेव्हा काच करण्याची जुनी भट्टी सापडली, सातव्या-आठव्या शतकाच्या सुमाराची. म्हणजे मुरानोच्या हुकमाच्या कितीतरी आधी. काचेसाठी आलेल्या माणसाने खरं तर इथे जास्त थांबायला हवं. चर्चच्या मागच्या भिंतीवर कयामतीच्या दिवसाचं भिंतभर चित्र आहे, काचेच्या तुकड्यांचं. सोनेरी भाग म्हणजे सोन्याचा मुलामा नव्हे. सोन्याचा वर्ख खाली जाड आणि वर पातळ अशा दोन काचांच्या मध्ये बंद केलेला असतो, म्हणून आठ-नऊशे वर्षांत तो ना काळा पडला ना उडाला. तुकडे मुद्दाम किंचित तिरके बसवले आहेत. आपण चालू लागलो की चकाकी भिंतीवरून आपल्याबरोबर सरकते. ते मात्र चालत बघावं लागतं, आणि बोटीचा भोंगा वाजतो.

बुरानो पाच मिनिटांवर. बोटीतून आधी दिसतो तो चर्चचा मनोरा, पन्नासहून जास्त मीटर उंच आणि जवळपास दोन मीटर कललेला. मग रंग. एक घर हळदी, शेजारचं कुंकवासारखं लाल, त्यापलीकडे गर्द निळं. धुक्यात कोळ्याला आपलं घर ओळखू यावं म्हणून हे रंग, असं प्रत्येक गाइड सांगतो. असेलही. आज मात्र आपल्या मनाने रंग लावता येत नाही, आधी परवानगी घ्यावी लागते. फोटो सगळे इथेच निघतात, आणि तासातली चाळीस मिनिटं त्यातच जातात.

मला सांगायची आहे ती लेस. क्रोशाची लेस आपल्याकडे घरोघरी होती, त्यामुळे ही तशीच काहीतरी असेल असं वाटतं. नाही. क्रोशात आकडी असते आणि दोऱ्यातून दोरा ओढला जातो. बुरानोची लेस निव्वळ सुईची, आणि टाका मुख्यतः आपण शर्टाला काजं करताना घालतो तोच. फरक एवढाच की काजाचा टाका कापडाच्या कडेवर बसतो आणि इथे कापडच नाही. इटालियनमध्ये या कामाचं जुनं नाव आहे ‘पुंतो इन आरिया’, हवेतला टाका.

हवेत टाका घालायचा कसा? कागदावर नक्षी काढायची. तो कागद दुहेरी कापडावर टाचायचा आणि नक्षीच्या रेषेरेषेवरून एक दोरा फिरवून बारीक टाक्यांनी पक्का करायचा. ही झाली चौकट. आता सुई कागदाला किंवा कापडाला न टोचता फक्त या दोऱ्याला अडकवत पुढे न्यायची, टाक्याला टाका, ओळीला ओळ, पान भरेपर्यंत. पानं, फुलं झाली की त्यांना जोडणारी जाळी. मांडीवर छोटा लोड असतो, त्यावर कागद ताणून बसवलेला. सगळं भरलं की कापडाच्या दोन थरांमध्ये पातं घालून चौकटीचे टाके कापतात, कागद-कापड गळून पडतं, आणि हातात उरते फक्त जाळी, जिच्या खाली कधी काही नव्हतं. चिकटलेली दोऱ्यांची कुसं चिमट्याने एकेक उपटायची. बुरानोत पुढे लेसची शाळा निघाली, तिच्या दिवसांत हे काम सात टप्प्यांत वाटलेलं असे, प्रत्येक टप्प्याची बाई वेगळी. एक आखणार, दुसरी भरणार, तिसरी जाळी करणार. मोठा तुकडा अनेक हातांतून फिरून महिन्यांनी पुरा व्हायचा, आणि त्यावर कुणाचंच नाव नसायचं.

इथे मुरानो आठवतं. काचेच्या माएस्त्रोंची घराणी आजही नावानिशी ओळखली जातात: बारोव्हिएर, तोसो, सेगूसो. त्यांच्यासाठी सोनेरी वही होती. लेस मठांत, अनाथाश्रमांत आणि कोळ्यांच्या घरांत झाली, बायकांनी केली, आणि युरोपभरच्या राजांच्या गळ्यापर्यंत पोचली. तरी बुरानोच्या लेसकाम करणाऱ्या बायकांपैकी इतिहासात ठळक उरलं ते एकच नाव, तेही ती जवळजवळ शेवटची होती म्हणून.

१७९७ साली नेपोलियनने प्रजासत्ताक संपवलं आणि त्याबरोबर हे धंदेही खचले. १८७२ च्या हिवाळ्यात खारकच्छ गोठलं, मासेमारी बंद पडली, बुरानोवर उपासमार आली. वर्गणी गोळा झाली, पण वर्गणी किती दिवस पुरणार? तेव्हा पाओलो फांब्री आणि काउंटेस आंद्रियाना मार्चेल्लो यांनी लेसची शाळा काढायचं ठरवलं. शोध घेतला तर जुना टाका येणारी एकच म्हातारी सापडली, सत्तरीची चेन्चा स्कार्पारिओला. तिला टाका येत होता, शिकवता येत नव्हता. म्हणून गावच्या मुलींच्या शाळेतल्या मास्तरीणबाई आन्ना बेल्लोरिओ देस्ते फावल्या वेळात तिच्याजवळ बसल्या, तिचे हात बघत बघत स्वतः शिकल्या, आणि मग त्यांनी आठ मुलींना शिकवलं. मुली टिकाव्यात म्हणून त्यांना थोडा पगार दिला जाई. एका म्हातारीच्या बोटांमधून निघालेला हा दोरा पुढे जवळजवळ शंभर वर्षं चालला. शाळा १९७० साली बंद झाली, आता त्या इमारतीत लेसचं संग्रहालय आहे.

बुरानोच्या मुख्य रस्त्यावर लेसच लेस टांगलेली असते, झगे, रुमाल, छत्र्या. बहुतेक यंत्राची, बरीचशी बाहेरून आलेली. हातरुमालाची किंमत दोन जेवणांइतकी असेल तर ती सुईची नाही, एवढा हिशेब पुरे. ज्यांना खरी बघायची आहे त्यांनी गालुप्पी चौकातल्या या संग्रहालयात जावं. तिथे कधीकधी गावच्या वयस्क बायका वरच्या दालनात खिडकीशी बसून काम करत असतात. मी गेले तेव्हा दोघी होत्या. मांडीवर लोड, नाकावर चष्मा, आणि बुरानोच्या बोलीत चाललेल्या मोठमोठ्याने गप्पा, बहुधा कुणाच्या तरी सुनेबद्दल. सुईकडे त्यांचं लक्षही नव्हतं. एका बाईने मला भिंग दिलं. भिंगातून दिसलं ते पानाचं टोक, तांदळाच्या दाण्याएवढं, आणि त्या दाण्यात मोजता न येण्याइतके काजाचे टाके. आज सकाळपासून एवढंच, असं तिने खुणेने सांगितलं. अंगठा आणि तर्जनी यांच्यात थोडी फट ठेवून.

खाली धक्क्यावर गाइड चारही भाषांत माणसं मोजत होता. मी भिंग परत केलं. तिने दोरा दातांनी तोडला आणि नवा ओवायला घेतला.